प्रभारी बाई

इंगोलेबाईंनी शाळेच्या किल्ल्यांचा जुडगा गटशिक्षणाधिकाऱ्यांच्या टेबलावर खणकन ठेवला.

"हे काय, बाई?"

"चार्ज सोडतेय, साहेब. काल माझ्या पदोन्नतीच्या खटल्यात तुमचे वकील कोर्टात म्हणाले, ही बाई मुख्याध्यापक व्हायला अपात्र आहे. मी नोकरीला लागल्यावर कितीतरी वर्षांनी निघालेली परीक्षा मी दिली नाही, म्हणून. मग अपात्र बाईच्या हाती शाळा कशाला ठेवता?"

"अहो, पदोन्नती वेगळी, प्रभारी वेगळं. प्रभारी म्हणून दहा वर्षं शाळा चालवताय की तुम्ही. उत्तम चालवताय!"

"म्हणजे कामाला पात्र आणि पदाला अपात्र?"

साहेबांनी घाम पुसला. "उद्या तपासणीचं पथक येतंय. शाळेत बाकी सगळे शिक्षक नवखे. तुमच्याशिवाय आहे कोण? निकाल लागेपर्यंत सांभाळा." त्यांनी जुडगा हळूच बाईंकडे सरकवला.

बाईंनी हात लावला नाही. "सांभाळते. फक्त आत्ता बोललात तेवढं कागदावर लिहून द्या. उत्तम चालवताय, तुमच्याशिवाय कोणी नाही. खाली सही आणि शिक्का."

साहेबांनी पेन उघडलं. लिहायला वाकले आणि थांबले.

"हे तुम्ही कोर्टात लावाल."

"लावणारच!"

पेनाचं टोपण पुन्हा बंद झालं. बाई पर्स घेऊन उठल्या. दारात थांबून त्यांनी मागे पाहिलं.

"पितळी किल्ली खिचडीच्या तांदळाच्या खोलीची. कुलूप जरा अडतं. पण तुम्ही पात्र आहात, साहेब. उघडेल."