पाठमोरा

क्योटोच्या स्टुडिओत योशिझोचं काम एकच, हिरोच्या तलवारीने मरायचं. तीस वर्षं मेला आणि परवा खरोखरच गेला. अंत्यविधीला लावायला मुलीने त्याचा लग्नातला फोटो बाहेर काढला होता. बायकोने तो परत कपाटात ठेवला आणि एका सिनेमातला लावला.

त्याला पडद्यावर कायम मारणारे हिरो तोकुनागा आले. उदबत्ती लावून त्यांनी वर पाहिलं आणि दचकलेच. काळ्या फितीच्या फ्रेममध्ये तलवार उगारलेले ते स्वतःच होते. योशिझोची नुसती पाठ.

"वहिनी, फोटो चुकला वाटतं. यात मीच दिसतोय."

"तुमचा चेहरा झाकला जाऊ नये म्हणून हे कायम कॅमेऱ्याकडे पाठ करूनच मरायचे," ती म्हणाली. "आज लक्षात आलं होय?"