कॅमेऱ्यामागचे अण्णा

पडद्यावर गच्चीत कुरडया वाळत होत्या आणि तरुणपणची आई कॅमेऱ्याकडे बघून लाजत म्हणत होती, “अहो, पुरे ना आता!”

सोफ्यावर बसलेल्या आईचा चेहरा मात्र उतरत गेला. अण्णांनी काढलेल्या जुन्या कॅसेट्सवरून वृंदाने वर्षभर खपून घरावर हा माहितीपट केला होता. अण्णांच्या वर्षश्राद्धाला तो सगळ्यांना दाखवायचा होता. त्याआधी एकट्या आईला.

“छान झालंय गं,” आई म्हणाली. “पण ह्यात हे कुठे आहेत?”

“शूटिंग अण्णाच करायचे ना, आई! ते कसे दिसतील?”

“दिसायचे नाहीतच. पण ऐकू यायचे.”

आता वृंदाच्या लक्षात आलं. अण्णांना दमा होता. प्रत्येक कॅसेटमध्ये कॅमेऱ्यामागून त्यांची घरघर ऐकू यायची. आवाज स्वच्छ करताना टेपच्या खरखरीबरोबर तिने तीही पुसून टाकली होती. वर स्वतःच्या सफाईवर खूशही झाली होती.

तिने लॅपटॉपवर कॅसेटचं मूळ, न पुसलेलं रेकॉर्डिंग लावलं आणि हेडफोन आईच्या कानांवर चढवले. आईने डोळे मिटले. हळूहळू तिचा श्वास अण्णांसारखा जड झाला, त्यांच्यासारखाच अडखळू लागला.

मग अण्णांनी कॅमेरा बंद केला. पडदा काळा झाला, घरघरही थांबली.

आईने श्वास रोखून धरला. ती तो सोडेना.

वृंदाने घाईघाईने रेकॉर्डिंग पुन्हा पहिल्यापासून लावलं.