बाजेवरचा नाच

"आज नको ताई. पाय सुजलाय तिचा," दिलावर म्हणाला.

नूरीचा पुढचा उजवा पाय घोट्याशी टम्म झाला होता. दिलावरच्या बायकोने, चांदबीने, त्यावर हळदीचा लेप देऊन चिंधी गुंडाळली होती. वरातीत बाजेवर चढून नाचणारी ही घोडी; पारनेर भागात तिच्यावाचून वरातीचं पान हलत नसे. आठ दिवसांत दिलावरने दोन लग्नांना नाही म्हटलं होतं.

विजयमालाने मान डोलावली खरी, पण कॅमेरा खाली ठेवला नाही. घोड्यांना असं नाचवणं बंद व्हावं म्हणून तिने दहा वर्षं निवेदनं दिली, तक्रारी केल्या. साहेब लोक चहा पाजून वाटेला लावायचे. शेवटी तिने ठरवलं, आता सांगायचं नाही, दाखवायचं. फिल्म झाली होती. बाजेवरचा नाच तेवढा राहिला होता, आणि उसना आणलेला कॅमेरा उद्या परत द्यायचा होता. नाचाशिवाय ही फिल्म कोण बघणार, आणि कुठली घोडी सुटणार?

"एकदाच, दिलावरभाई. दोन मिनिटं."

दिलावर गोंधळला. "तुमीच म्हनला हुता ना मागं, पाय सुजला तर नाचवू नका? तवापासून आमी पाळतो."

"म्हणाले होते." तिने नजर चुकवली. "पण एकदाच."

"तुमाला जनावरातलं कळतं, म्हनून ऐकतो," असं म्हणून त्याने चिंधी सोडली.

चांदबीने मोबाईलवर हलगी लावली. नूरीने कान टवकारले आणि बाजेवर चढली. चार पावलं बरी पडली. पाचव्याला सुजका पाय दुमडला, घोडी गुडघ्यावर आली, बाज करकरली.

"या अल्ला!" चांदबी ओरडली.

विजयमालाचा कॅमेरा हलला नाही. उलट बोटांनी चित्र आणखी जवळ ओढलं. नेमकं हेच तर तिला हवं होतं. इतक्यात दिलावर धावला, त्याची पाठ मध्ये आली आणि सगळं झाकून गेलं.

त्याने नूरीला खाली उतरवलं. ती तीन पायांवर उभी राहिली. अंगाला कापरं भरलं होतं. विजयमाला कॅमेऱ्यात पुन्हा पुन्हा पाहत होती. घोडी चढते, डोलते, आणि मग नुसता दिलावरचा मळका सदरा.

"आलं का नीट, ताई?"

आलं, एवढं म्हटलं असतं तरी नूरी सुटली असती. तिने चित्र परत मागे नेलं.

"म्या मधी आलो व्हय?"

तिने कॅमेऱ्यातून मान वर केली नाही. दिलावरने जरा वाट पाहिली. मग नूरीच्या मानेवरून हात फिरवला आणि बायकोला म्हणाला, "लाव गं परत."

लगाम धरून तो घोडीला बाजेकडे वळवू लागला.

"आता पडली तरी म्या मधी येत न्हाई, ताई."