कोमट गासडी

पुंडलिक वानखेडे जबलपूरच्या एका कापड गिरणीत रुईच्या गासड्या, प्रेसमध्ये दाबून बांधलेले गठ्ठे, फोडायचा. सन एकोणीसशे सव्वीसच्या पौषात, ऐन थंडीतल्या सकाळी, त्याने हिंगणघाटहून आलेल्या एका गासडीच्या लोखंडी पट्ट्या तोडल्या, आत हात घातला आणि दचकून मागे घेतला. रुई कोमट होती.

कोमट रुई म्हणजे गासडीच्या पोटात धुमसणारी आग. त्याने जोडीदार सखारामला हाक मारली. पाण्याच्या बादल्या जवळ ओढून दोघे भराभर थर उपसू लागले.

आग नव्हती, धूरही नव्हता. आत एक खड्डा होता, कुशीवर निजलेल्या माणसाच्या आकाराचा. डोकं, खांदा, पोटाशी घेतलेले गुडघे. ऊब तिथूनच येत होती.

"यात कोणी निजलं होतं का रे?" पुंडलिकने विचारलं.

"काहून असं बोलून राहिले, भाऊ? प्रेसात दाबल्यावर माणूस राहते का? अन् ही तर दिवाळीपासून गोदामात पडली आहे."

 दोघांनी रुई पिंजून खड्डा बुजवला, वरून तळव्यांनी सारखा केला. हात झटकून पाहतात तो खड्डा पुन्हा जसाच्या तसा.

"तू हात लावला?"

"नाही, भाऊ. तुम्ही?"

पुंडलिकने नकारार्थी मान हलवली. तेवढ्यात खड्ड्याशेजारची सपाट रुई, कोणी दमून अंग टाकावं तशी, हलकेच खचू लागली. आधी खांदा. मग गुडघे.