अळणी

पूर्वाने कोंबडी उचलली ती सांडशीने, आणि तीही तोंड फिरवून. इलेक्ट्रिक कुकरच्या भांड्यात ती धपकन बसली. अख्खी. कोंबडीच्या दुकानातल्या समाधानने सुरा उचलून “वहिनी, पीस कसे करू?” असं विचारलं, तेव्हा पूर्वा डोळे मिटून “नको नको, अख्खीच द्या,” म्हणून मोकळी झाली होती. आता कोंबडी भांड्यात मांडी घालून बसली होती, आणि जन्मात अंडंही न फोडलेली कर्वेनगरची मुलगी तिच्यासमोर उभी होती.

आतल्या खोलीत सासूबाई, मथुराबाई, भिंतीकडे तोंड करून पडल्या होत्या. डेंग्यूचा ताप उतरला, पण जाताना तोंडाची चव घेऊन गेला. पेज नको, मऊ भात नको, शहाळं नको. आज काही पोटात गेलं नाही तर संध्याकाळी ॲडमिट करा, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. आणि दवाखान्याचं नाव काढलं की मथुराबाईंचे डोळे भरून येत. त्यांचे यजमान गेनबा तिथून परत आले नव्हते.

सकाळी ग्लानीत त्या एकच शब्द पुटपुटल्या होत्या, “अळणी...” काय हवंय म्हणून पूर्वाने विचारलं, तर डोळे उघडून म्हणाल्या, “काय न्हाय गं. तुला न्हाय जमायचं ते.”

त्यात टोमणा नव्हता. पूर्वा लग्न होऊन घरात आल्यापासून या बाईने कोंबडीचं पातेलं आपणहून गॅलरीतल्या शेगडीवर नेलं होतं. पोरीला वास सोसत नाही, एवढंच म्हणाल्या होत्या. टोमणा असता तर पूर्वाने खुशाल खिचडी टाकली असती. ही माया मात्र तिला गप्प बसू देईना.

तिने नवऱ्याला, रणजितला, फोन केला. तो मीटिंगमधून कुजबुजला, “अगं, कोंबडीचं सूप असतं ते, आजाऱ्याला देतात. मी येताना हॉटेलातून आणतो.” हिंजवडीहून हडपसरला तो येणार कधी आणि आणणार कधी! पूर्वाने पिशवी उचलली आणि सरळ समाधानचं दुकान गाठलं.

आता हडपसरच्या कुठल्याही मळेवाल्याला विचारा. अळणी म्हणजे तिखटमसाला पडायच्या आधी बाजूला काढलेला हळद-मिठाचा रस्सा. बाळंतिणीला, आजाऱ्याला, दात न आलेल्या पोराला. नावातच खोट आहे, पण या घरात आजवर त्यापायी कुणी फसलं नव्हतं, कारण आजवर कर्वेनगरची सून कुणी आणली नव्हती. पूर्वाने मोबाइलवरचा व्हिडिओ बघून पाणी ओतलं, हळद घातली, आलं-लसूण घातलं. मिठाची वेळ आली तेव्हा व्हिडिओतल्या बाईला ती मनात म्हणाली, तुम्ही घाला, आमच्याकडे अळणी आहे. शिवाय सासूबाईंना बीपी. बरणी तिने पुन्हा फडताळात ठेवली आणि कुकर चालू केला.

“शिट्टी ऐकू आली न्हाय ती?” आतून क्षीण आवाज आला.

“याला शिट्टी नसते, आई. आपोआप बंद होतो.”

“बंद झाल्यालं कळंल. शिजल्यालं कसं कळायचं?”

पूर्वाने नाकाला ओढणी बांधली आणि झाकणावरचं बटण दाबलं. वाफ अशी उसळली की तिच्या मनगटावर लाल चट्टा उठला. वासाने तिच्या डोळ्यांत पाणी आलं, पण ती हलली नाही.

वाटी घेऊन ती आत गेली. मथुराबाई वासानेच उठून बसल्या होत्या. त्यांनी आधी वाटीकडे पाहिलं, मग सुनेच्या नाकावरच्या ओढणीकडे, मग मनगटाकडे.

“तू केलंस?”

“हो. तुम्ही म्हणालात तसंच, अळणी. काळजी करू नका, मिठाचा कणसुद्धा नाही घातलेला.”

मथुराबाईंनी एक घोट घेतला. तो तोंडात तसाच राहिला. मग गिळला. मथुराबाईंनी वाटी दोन्ही हातांत धरली आणि काढा प्यावा तशी तळापर्यंत रिकामी केली.

“तंगडी आन,” त्या म्हणाल्या.

पूर्वाने स्वयंपाकघरात जाऊन पळी लावली मात्र, तंगडी हाडासकट अलगद सुटून आली. कापावं लागलं नाही याचं तिला इतकं बरं वाटलं की ती चक्क हसली. मथुराबाई हळूहळू चावून खात राहिल्या.

रणजित मीटिंग सोडून धावतपळत आला. आई उठून बसलीय, खातेय, हे बघून त्याचा जीव भांड्यात पडला आणि लगेच त्याची जीभ सुटली. त्याने स्वयंपाकघरात जाऊन चमचाभर रस्सा तोंडात टाकला आणि दारात येऊन उभा राहिला.

“पूर्वा, यात मीठ कुठंय?”

“अळणी आहे ना.”

“अगं ए वेडाबाई! अळणीत मीठ असतं! तिखट नसतं फक्त. आई, हे घशाखाली उतरलं कसं तुझ्या?”

पूर्वाचा चेहरा खर्रकन उतरला. नाकावरून गळ्यात आलेली ओढणी ती उगाच सोडायला लागली.

“गप रे,” मथुराबाई म्हणाल्या. “आमच्यात अळणी असंच करत्यात.”

“असं? कधीपासून?”

मथुराबाईंनी रिकामी वाटी पूर्वापुढे धरली.

“आजपास्नं.”