पारखीची मान

"घ्या आजी, मोडा," म्हणत घेवडेवालीने टोपली पुढे सरकवली आणि श्वास रोखून धरला.

माल कालचा होता. पहाटे तिने त्यावर पाणी शिंपडलं होतं, पण पाण्याने शेंगेचं वय थोडंच कमी होतं.

पारखी आजीने एक शेंग उचलली, कानाशी धरली आणि मोडली. ताजी शेंग कट् म्हणते. ही रबरासारखी वाकली आणि मुकाट्याने तुटली. आजी घेवडेवालीच्या तोंडाकडे बघत होती. घेवडेवाली ओशाळं हसली. "गुडघा कसा आहे आता?" काहीतरी बोलायचं म्हणून तिने विचारलं.

"छान," आजी म्हणाली, मान डोलावली आणि पुढे गेली.

मागे थांबलेल्या दोघी बायका लगेच सरकल्या. "अर्धा किलो द्या हो. आजींची मान डोलली म्हणजे बघायला नको."

घेवडेवालीने शेंगा तोलल्या, वर मूठभर जास्तच घातल्या. एवढी जाणकार बाई आपल्यासाठी खोटं बोलली, हे तिला पचत नव्हतं.

भाजीवाल्यांच्या त्या रांगेत पारखीची मान म्हणजे शिक्का होता. ती रोज सकाळी यायची, प्रत्येक टोपलीतली एक शेंग मोडायची, विकत काही घ्यायची नाही. कांदेवाल्याच्या चहाचा वाफाळता पेला उघड्या हाताने धरायची. चालायची ती रस्त्याच्या मधोमध. मागून ट्रकवाला भोंगा वाजवून वाजवून दमायचा, पण ही भोंग्याला भीक घालायची नाही.

"राणी आहे आपली," कांदेवाला म्हणायचा. "ट्रकनेच बाजूला व्हायचं."

त्या वर्षी कोपऱ्यावर काचेच्या दाराचं मोठं दुकान उघडलं आणि रांगेचे दिवस फिरले. शेंगांचा ट्रक एकच यायचा. त्यातला बहुतेक माल दुकान उचलायचं, उरलेला रांगेच्या वाट्याला यायचा, तोही चढ्या भावाने. वर दुकान घेवडा पडत्या भावात विकायचं आणि तोटा साबणावर, तेलावर भरून काढायचं. गिऱ्हाइकांनाही एका मापाच्या, बिनडागी, पाकिटातल्या शेंगांची चटक लागली. वाकडी शेंग दिसली की नाकं मुरडली जायची. घेवडेवालीची टोपली संध्याकाळी अर्धी भरलेली घरी जायची आणि सकाळी तशीच परत यायची.

दुकानाने तिला बोलावणंही धाडलं होतं. डोक्याला टोपी घालून आत पाकिटं भरायची. हो की नाही, ते शनिवारपर्यंत सांगायचं.

"जा की," कांदेवाला म्हणाला. "पण तिथे कामावर बोलायचं नाही म्हणे. तुला जमणार? तुझं तोंड झोपेतही बंद नसतं."

"झोपेतलं तुम्हाला कोणी सांगितलं, काका?"

"तुझ्या सासूने. बिचारी रात्रभर हुंकार भरत असायची."

घेवडेवाली हसली. "ही जागा त्यांचीच ना," ती म्हणाली. "त्या बसल्या, मग मी. मी उठले की इथे कोणाची तरी फटफटी उभी राहील."

शनिवारी तिने टोपली भरलीच नाही. केस नीट केले आणि होकार द्यायला निघाली. काचेच्या दारापाशी पोचली आणि तिथेच थबकली.

आत शेंगांच्या ढिगापुढे पारखी उभी होती.

ट्रक तोच, शेंगा त्याच, फक्त आजच्या. आजीने एक उचलली, कानाशी धरली, मोडली. कट्. दारापर्यंत ऐकू आलं. घेवडेवालीने मनातल्या मनात हात जोडले. संपलं, ती म्हणाली.

आजीने मान वर केली. टोपीवाले आपापल्या काट्यांकडे बघत होते. एकाने ढीग नीट करता करता तिचा हात बाजूला सारला, वर न बघता. आजी थांबली. बराच वेळ थांबली. मग तिने शेंगेचे दोन्ही तुकडे ढिगावर परत ठेवले आणि नकारार्थी मान हलवली.

पाकिटं घेऊन उभ्या असलेल्या बायका बघत होत्या. एकीने आपलं पाकीट हळूच फळीवर ठेवलं.

घेवडेवाली तशीच माघारी वळली.

बातमीला पाय फुटले. 'पारखीने दुकानाला नाही म्हटलं' एवढंच वाक्य, पण ते घरोघरी पोचलं. दुकानात शेंगा सुकायला लागल्या, तसं दुकान ट्रकमधून कमी माल उचलू लागलं. रांगेला ताजा घेवडा पुन्हा परवडू लागला, आणि वाकड्या शेंगेलाही गिऱ्हाईक मिळू लागलं.

मग मध्येच आजी यायची थांबली. ताप आलाय असं कळलं. घेवडेवालीने ट्रकमधल्या पहिल्या कोवळ्या शेंगा निवडून पिशवी भरली आणि पत्ता विचारत विचारत तिचं घर गाठलं.

खोली छोटी होती. एक इस्त्रीचं टेबल, भिंतीला लागून कपड्यांच्या घड्या. पारखी पाठमोरी, खिडकीत बसलेली. सुनेने दार उघडलं.

"आता बऱ्या आहेत त्या. या ना."

घेवडेवालीने पिशवी तिच्या हातात दिली. किती दिवस मनात साठवलेलं तिला बोलून टाकायचं होतं.

"तुमच्या सासूबाईंमुळे माझी जागा राहिली हो. माझ्यासाठी त्या दोनदा खोटं बोलल्या. माझी शेंग शिळी होती, तरी चांगली म्हणाल्या. दुकानातली ताजी होती, मी स्वतः ऐकली, तरी नाही म्हणाल्या. एवढी कानाची पक्की बाई, त्यांना कळलं नसेल का? हे उपकार मी कसे फेडू?"

सुनेने पिशवी टेबलावर ठेवली.

"कानाची पक्की? अहो, शेंग कानाशी धरायची ही त्यांच्या आईची सवय, त्यांनी उचललेली. जन्मभर इस्त्री धरून बोटं निर्जीव झालीत, आणि कान तर माझ्या लग्नाच्या आधीच गेलेत."

भिंतीवर सावली हलली तशी पारखी वळली. घेवडेवालीच्या तोंडाकडे तिने नीट निरखून पाहिलं आणि मान डोलावली.

"छान," ती म्हणाली.