बिनफटीचा कॉबलर

"मध्ये फटी ठेवा," बायको खुर्चीतून म्हणाली. "वाफ जायला वाट नको का?"

फरशीवाल्याने मान वर केली नाही. चाळीस वर्षं त्याने लोकांच्या घरात फरशा बसवल्या होत्या. गुडघ्यांनी राजीनामा दिल्यावर आता तो पहिल्यांदाच काचेच्या भांड्यात काहीतरी बसवत होता: ओव्हनमध्ये भाजायचा पीचचा कॉबलर. खाली साखरेत आणि लिंबात घोळवलेल्या पीचच्या फोडी, वर मैदा, लोणी आणि ताकाची जाड कणीक. बायको त्या कणकेचे ओबडधोबड गोळे चमच्याने नुसते टाकायची, एक इथे, एक तिथे. त्याला ते कधीच बघवलं नव्हतं. त्याने कणीक लाटली, पट्टी लावून सारखे चौकोन कापले आणि एकाला एक भिडवून बसवले. कडेला जागा कमी पडली तिथे मापाने अर्धे केले.

"अहो, मी काय म्हणतेय?"

"ऐकलं गं. पण बघ तरी एकदा. बोट ठेवायला जागा नाही."

"तेच तर सांगतेय," ती म्हणाली. तिचा उजवा हात कोपरापर्यंत प्लास्टरमध्ये होता, नाहीतर तिने भांडं केव्हाच हिसकावून घेतलं असतं.

लेक चार वाजता येणार होती, दोन वर्षांनी. "आईचा हात बघायला येतोय आम्ही," असं ती फोनवर म्हणाली होती. त्यात बापाचं नाव नव्हतं.

कारण तसंच होतं. जावई शाळेत भूगोल शिकवायचा, सिमेंटशी त्याचा संबंध नकाशातल्या कारखान्यांपुरता. तरी नव्या घरातल्या स्वयंपाकघराची फरशी त्याने सुट्टीच्या दिवशी खपून स्वतःच्या हाताने बसवली होती. घर बघायला वीसेक माणसं जमली होती. सासरा आत शिरला, वाकला, बोटाच्या पेराने एकेक फरशी ठोकत गेला आणि जी पोकळ वाजली, म्हणजे जिच्याखाली सिमेंट नीट भरलं नव्हतं, तिच्यावर खिशातल्या खडूने फुली मारली. अशा अकरा फुल्या झाल्या. त्याच्या मनात काही वाईट नव्हतं, हे त्याची बायको आजही शपथेवर सांगेल. पण जावई सगळ्यांसमोर कानकोंडा झाला, आणि लेकीने कोट आणून बापाच्या हातात दिला आणि दार उघडून धरलं. तेव्हापासून तिचा फोन यायचा तो आईलाच.

कॉबलर तिचा लहानपणापासूनचा आवडता. आज तो बिघडला तर पुढची वर्षंही अशीच जाणार, असं बापाने मनाशी पक्कं धरलं होतं.

पाऊण तासाने त्याने भांडं ओव्हनमधून काढलं. वरचे चौकोन सोनेरी झाले होते, रेषेत रेष, कुठे चीर नाही की फुगवटा नाही. तो दोन पावलं मागे सरून बघत राहिला.

"सुई घालून बघा," बायको म्हणाली. "आत शिजलंय का."

"एवढ्या सुंदर कामाला भोक पाडू?"

"दुसऱ्याचं तेवढं ठोकून बघायचं."

त्याने न ऐकल्यासारखं केलं आणि बशा पुसायला घेतल्या.

चारला बेल वाजली. हाताची चौकशी झाली, प्लास्टर कधी निघणार ते झालं, आणि बोलणं संपलं तसे चौघं टेबलाशी बसले. बापाने रेषेवरून सुरी फिरवून पहिला चौकोन उचलला. खालच्या फोडींसकट तो त्याने जावयाच्या बशीत ठेवला.

जावयाने घास घेतला. त्याचं चावणं क्षणभर थांबलं, मग पुन्हा सुरू झालं. "छान झालाय, बाबा," तो म्हणाला आणि त्याने दुसरा घास घेतला.

दुसरा चौकोन उचलताना बापाला दिसलं. वरचा पापुद्रा तेवढा भाजलेला, खाली सगळा चिकट, पांढरा लगदा. वाफ कोंडून कणीक कच्चीच राहिली होती. त्याने जावयाकडे पाहिलं. तो मान खाली घालून एकेक घास पाण्याबरोबर उतरवत होता. त्याने तोंडातून ब्र काढला नव्हता. इथे तर ऐकायला वीस माणसंही नव्हती. फरशीवाल्याला आयुष्यात कधी वाटली नव्हती एवढी लाज वाटली.

"ठेवा ती बशी," तो म्हणाला. "कच्चं आहे ते."

"चालतंय, बाबा."

"चालत नाही. पोट बिघडेल." त्याने सुरी खाली ठेवली. "माझं चुकलं."

लेकीने मान वर केली. "कशात?"

तो ओव्हनला नावं ठेवू शकला असता. बायकोला तीच भीती होती, ती त्याच्याकडे डोळे वटारून बघत होती.

"तुमच्या घरी," तो म्हणाला. "सगळ्यांसमोर मी तसं करायला नको होतं. आणि आज ह्यातही चुकलं."

जावयाच्या तोंडात घास होता. तो गिळावा की काढावा, हे त्याला कळेना.

मग लेक उठली. तिने भांडं आपल्याकडे ओढलं आणि चमच्याने वरचे सगळे चौकोन सोलून एका ताटलीत काढून ठेवले. खालचे पीच छान शिजले होते, रस दाट झाला होता. ती वाढू लागली. आधी नवऱ्याला वाढलं, मग आईला. मग तिने टेबलावरून हात लांब केला आणि बापाची बशी मागितली.